शालनआक्काची दहा मिनिटं

क्रांती सुरू झाली तेव्हा स्वप्नाली गुरव झोपली होती.

दुपारचे सव्वातीन वाजले होते. खिडकीचा पडदा ओढलेला, पंखा दोनवर, आणि स्वप्नाली उशीत गाल खुपसून अशी झोपली होती की उशाशी कुणी ताशा बडवला असता तरी तिनं फक्त कूस बदलली असती. या क्रांतीवर पुढं पुष्कळ लिहिलं गेलं. शाळेच्या पुस्तकात धडा आला, धड्यात शालनआक्काचं चित्र आलं. झोपेचा उल्लेख मात्र कुठंच नाही. न्यायालयाच्या कागदांत तो आहे, पण कागद वाचतो कोण!

करंजगाळ हे चंदगड तालुक्यातलं गाव. गावाबाहेर काजूचा कारखाना आणि कारखान्यात साडेतीनशे बायका. अर्ध्या कटिंगला, अर्ध्या सोलाईला. कटिंग म्हणजे उकडलेली काजूबी पात्याखाली धरून फोडायची आणि आतला गर अख्खा बाहेर काढायचा. टरफलात काळं तेल असतं, ते कातडी जाळतं. म्हणून कटिंगच्या बायका कामाला बसण्याआधी कोपरापर्यंत एरंडेल चोळतात. कंपनीनं हातमोजे दिले होते, पण मोजे घालून अख्खा गर काढणं म्हणजे मोजे घालून सुईत दोरा ओवणं. ते मोजे बायकांनी घरी नेऊन परड्यातल्या काठ्यांना बांधले, माकडांना भिववायला. सोलाईचं काम वेगळं. वाळलेल्या गरावरची तांबूस साल चाकूनं काढायची. तिथं तेलाचं बोटसुद्धा चालत नाही, गराला वास लागतो.

मग टिकली आली.

तिचं कागदावरचं नाव 'श्रमक्षमता मापक'. रुपयाएवढी गोल चकती, रबरी पट्ट्यानं हातावर, कोपराच्या जरा खाली, आतल्या बाजूला बांधायची. चकतीच्या पोटात केसाहून बारीक नळ्या. माणूस राबायला लागला की स्नायूंत आणि घामात लॅक्टेट नावाचं द्रव्य उतरतं. नळ्यांतून घाम वर चढला की आतल्या विकराच्या थराशी त्याची गाठ पडते आणि इवलासा विद्युतप्रवाह तयार होतो. लॅक्टेट जास्त तर प्रवाह जास्त. सोबत एक हिरवा दिवा नाडीचे ठोके मोजतो. या सगळ्याची गोळाबेरीज करून चकती एक आकडा दाखवते. शंभर म्हणजे माणूस ताजातवाना. शून्य म्हणजे उचलून न्या. बायका त्या आकड्याला 'दम' म्हणायच्या.

यंत्रामागून कायदा आला. आठ तासांची पाळी ही जुनाट कल्पना आहे, असं सरकारचं म्हणणं पडलं. कुणी सहा तासांत मोडून जातं, कुणी दहा तासांनंतरही टवटवीत असतं. मग घड्याळ कशाला, माणूसच मोजा. दम पस्तिसावर आला की काम थांबलंच पाहिजे, नाहीतर मालकाला शिक्षा. मात्र पस्तिसाच्या वर असाल तोवर उठायचं नाही. हे सगळं ऐकायला इतकं दयाळू होतं की पहिल्या दिवशी करंजगाळच्या बायकांनी टिकलीला हळदकुंकू वाहिलं.

चार महिन्यांत दया कळली. जी बाई नीट जेवली, नीट झोपली, जिच्या घरात चार शब्द गोड बोलले गेले, तिचा दम संध्याकाळी साडेसातपर्यंत टिकायचा. जी रडतखडत आली ती तीनला सुटायची. शेजारच्या राजश्री कांबळेची सासू गुणाची, पहाटे उठून डबा करून द्यायची. शेवटी राजश्रीनं तिचे पाय धरले. "आत्या, माझ्यासाठी काही करू नका. तुमच्या डब्यानं माझे दोन तास वाढतात."

स्वप्नालीच्या घरी तर आणखीच पंचाईत. तिचा नवरा संदेश लग्नाच्या बाराव्या वर्षी भांडी घासायला शिकला होता. आता तिनंच त्याच्या हातातली घासणी काढून घेतली.

"तुझी माया मला परवडत न्हाई," ती म्हणाली.

"मग मी काय करू?"

"भांड. सकाळी मी निघताना जरा भांडत जा."

दुसऱ्या दिवशी संदेशनं प्रयत्न केला. भाजीचा घास घेतला, कपाळाला आठ्या घातल्या आणि म्हणाला, "खारट झालीय." मग तिचा चेहरा बघून घाईनं म्हणाला, "म्हणजे तशी न्हाई झालेली." स्वप्नाली दिवसभर त्या आठवणीनं हसत राहिली आणि त्या दिवशी कटिंगच्या सगळ्या बायकांत शेवटी सुटली.

दहा वर्षं कटिंगला काढल्यावर स्वप्नालीला वाफेचा खोकला लागला आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीवर तिची बदली सोलाईला झाली. पहिल्या दिवशी ती कपडे बदलायच्या खोलीत गेली, भिंतीकडच्या फळीवरची तेलाची वाटी ओढली आणि कोपरापर्यंत तेल चोळलं. दहा वर्षांची सवय. हात आपला आपण जातो, डोक्याला विचारत नाही. तळव्यावर आल्यावर तिला एकदम आठवलं, अगं, आपण आता सोलाईला! तिनं तळवे साबणानं धुतले, पदरानं पुसले, गडबडीत कोपराखालचं तेल तसंच राहिलं आणि त्यावरच टिकली बांधली.

अडीच वाजता टिकली लाल झाली. दम पस्तीस.

"पहिलाच दिवस हाय, जड गेलं असंल," सुपरवायझर म्हणाला आणि तिला घरी सोडलं.

स्वप्नालीला मात्र थकल्यासारखं काहीच वाटत नव्हतं. दुसऱ्या दिवशी पुन्हा हात तेलाकडं गेला, पुन्हा अडीचला लाल. तिसऱ्या दिवशी तिनं आठवणीनं तेल टाळलं, तर साडेसात वाजले. चौथ्या दिवशी तेल लावून बघितलं आणि मग तिला कळलं.

घडत होतं ते असं. तेलाच्या थरानं घामाची छिद्रं बुजायची. घाम थोडा यायचा, आणि थोडा घाम नेहमी दाट असतो, पाणी कमी घातलेल्या सरबतासारखा. चकतीला तो दाट घाम लागला की तिला वाटायचं, बाई गेली कामातून. घामाचं प्रमाण कमीजास्त झालं तर आकडा कसा सुधारायचा हे गणित यंत्र करणाऱ्यांनी घातलेलं होतं; पण ते मांडलं होतं प्रयोगशाळेत, स्वच्छ धुतलेल्या कोरड्या हातांवर. तेल लावून कामाला बसणारा हात त्यांनी पाहिलाच नव्हता. कटिंगला वाफेमुळं घाम पुष्कळ, म्हणून तिथल्या बायका तेलानं तासभरच लवकर सुटायच्या. सगळे समजायचे, कटिंगचं काम जड.

स्वप्नालीनं हे कुणाला सांगितलं? कुणालाच नाही. तीन आठवडे नाही. ती अडीचला सुटायची, तीनला घरी यायची, पडदा ओढायची आणि झोपायची. मग तिला स्वतःचीच लाज वाटायला लागली. त्यातच एक दिवस नळावर राजश्रीनं तिचा हात हुंगला. "तू सोलाईला असून एरंडेलाचा वास कसा गं?" स्वप्नालीनं सांगून टाकलं. आठवड्याभरात सोलाईचे पावणेदोनशे हात कोपराखाली तुकतुकीत दिसायला लागले आणि एका दुपारी अडीच वाजता सगळ्या टिकल्या एकदम लाल झाल्या.

कंपनीला कळायला फार वेळ लागला नाही. सोलाईच्या खोलीत तेलाच्या वाट्या सापडल्या. पोलीस आले. कारण टिकली फसवणं हा नव्या कायद्यात मोठा गुन्हा होता, सात वर्षांचा, जामिनाशिवाय.

"हे तेल कुणाचं?" फौजदारानं विचारलं.

कारखान्यात तेल करायची एकच बाई. कटिंगची शालन गुरव. पंचावन्न वर्षांची, विधवा, कमी बोलणारी आणि बोललीच तर समोरच्यानं पाऊल मागं घ्यावं अशी. ती कटिंगच्या दारातून पुढं आली.

"माझं."

"सोलाईला कुणी दिलं?"

"मी."

"कशासाठी?"

"थकल्या होत्या."

एवढंच. तिला गाडीत घातलं तेव्हा सव्वातीन वाजले होते.

राजश्रीनं धावत येऊन स्वप्नालीला हलवून उठवलं. "ऊठ गं! तुझ्या जाऊला नेलं पोलिसांनी! म्हणाली, तेल मीच दिलं!"

शालन ही स्वप्नालीची थोरली जाऊ. एका भिंतीची दोन घरं. दोघी चार वर्षं एकमेकींशी बोललेल्या नव्हत्या. कारण मिक्सरचं भांडं. आक्काचं भांडं स्वप्नालीनं चटणीला नेलं, परत दिलं तर पातं तुटलेलं. स्वप्नाली म्हणाली, आधीच तुटलं होतं. आक्का म्हणाली, बरं. त्या 'बरं'नंतर एक शब्द नाही. आक्कानं सोलाईला तेलाचा थेंबही दिला नव्हता, हे स्वप्नालीला पक्कं ठाऊक होतं. मग ती 'मी' का म्हणाली, हे तिला काही केल्या कळेना. कळेना म्हणून तिनं निमूटपणे जाऊन आक्काची म्हैस सोडून आपल्या गोठ्यात बांधली.

तुरुंगात कैद्याला आठवड्याला दहा मिनिटं फोन करता येतो. नंबर कैद्यानं स्वतः सांगायचा. आक्काला एकही नंबर पाठ नव्हता. आजकाल कुणाला असतो? पाठ होता तो फक्त कारखान्याच्या फाटकावरच्या चौकीचा, कारण तो बाहेरच्या भिंतीवर हातभर आकड्यांत रंगवलेला होता आणि आक्कानं तो वीस वर्षं येताजाता वाचला होता. तिनं तोच सांगितला. नात्याच्या रकान्यात कारकुनानं 'कामाचं ठिकाण' असं लिहिलं.

पहिल्या गुरुवारी सकाळी साडेनऊला चौकीतला फोन वाजला. म्हाताऱ्या वॉचमनला कमी ऐकू यायचं म्हणून त्याचा फोन कायम स्पीकरवर. आत शिरणाऱ्या सात-आठ बायका थबकल्या.

"कोण हाय?" आक्काचा आवाज आला. "माझ्या मिरच्या वाळत घातलेल्या, कुणी काढल्या का न्हाई?"

"काढल्या आक्का!" कुणीतरी ओरडलं.

"म्हस कोण बघतंय?"

सगळ्यांनी मागं उभ्या असलेल्या स्वप्नालीकडं बघितलं. स्वप्नालीनं मान खाली घातली.

"जी कोण बघती तिला सांगा," आक्का म्हणाली, "वैरण भिजवून घाल म्हणावं. कोरडी खात न्हाई ती."

मग राजश्रीनं हिंमत केली. "आक्का, आमी काय करायचं? सायेब म्हणतोय, रोज हात तपासणार."

 मग आक्का म्हणाली, "चोरून कशाला लावताय? आपल्या आया उघड लावत होत्या. फाटकावर उभं राहून लावा. साहेबाच्या डोळ्यांदेखत. आणि टिकली बांधा वरनं. ती काय म्हणती ते तिला म्हणू दे." फोन कट झाला. दहा मिनिटं संपली होती.

दुसऱ्या दिवशी साडेतीनशे बायका फाटकासमोर रांगेत उभ्या राहिल्या, बाह्या वर केल्या आणि कोपरापर्यंत तेल चोळलं. पोलिसांनी वीस जणींना नेलं. तिसऱ्या दिवशी परत साडेतीनशे. वीस जणींच्या सासवा आल्या होत्या.

त्यानंतर दर गुरुवारी चौकीपुढं गर्दी वाढत गेली. कुणी आवाज मुद्रित केला, कुणी तो पसरवला. चौथ्या गुरुवारी नाशिककडच्या द्राक्षांच्या शेडमध्ये काम थांबवून लोक ऐकत होते. सातव्या गुरुवारी सूतगिरण्या, पार्सलची गोदामं, दवाखान्यांतल्या परिचारिका. त्यांच्या कामात तेलाचा काडीचा संबंध नव्हता, पण सगळे फाटकावर उभे राहून तेल लावू लागले. सरकारनं एरंडेलाच्या विक्रीवर बंदी घातली. बद्धकोष्ठाच्या रुग्णांनी मोर्चा काढला. दोन महिन्यांत तेरा हजार माणसं तुरुंगात होती.

आणि आक्का? आक्का दर गुरुवारी पहिली पाच मिनिटं घरचं विचारायची आणि पुढची पाच मिनिटं खडसावायची. तिच्या रागावण्यात असं काहीतरी होतं की माणसं ताठ उभी राहायची. "मारामारी केली कुणी तर मला फोन करू नका," ती म्हणायची, आणि फोन तीच करायची. पुण्याहून आंदोलनाच्या मदतीला एक समिती आली, समितीचे सचिव देवस्थळी आले. आक्काच्या बोलण्यातली म्हैस म्हणजे नेमकं कशाचं प्रतीक, यावर त्यांनी लेख लिहिला. 'म्हशीला बघणारी'साठी दर आठवड्याला निरोप यायचा: पाणी कोमट दे, पाय बघ, दूध दुसऱ्यांदा काढू नको. स्वप्नाली मागं उभी राहून सगळं ऐकायची आणि घरी जाऊन तस्संच करायची. चार वर्षांत जावा-जावांत एवढं बोलणं झालं नव्हतं.

खटल्याची तारीख लागली तशा आक्काच्या वकील रुक्साना मुजावर करंजगाळात आल्या. चहा घेता घेता त्यांनी स्पष्टच सांगितलं. "लोक कितीही ओरडले तरी न्यायालय कबुली बघणार. 'तेल मी दिलं, थकल्या होत्या म्हणून दिलं,' याचा कायद्यात अर्थ जाणूनबुजून फसवणूक. सात वर्षं पक्की. एकच वाट आहे. सोलाईत पहिल्यांदा तेल लावणारी बाई सापडली, आणि तिनं ते सवयीनं, नकळत लावलं असं शपथेवर सांगितलं, तर फसवणूक उरतच नाही. मग चूक यंत्राची. तुम्हाला कुणी ठाऊक आहे का?"

 स्वप्नालीनं हातातली बशी संदेशकडं दिली.

"मी," स्वप्नाली म्हणाली. आणि सगळं सांगितलं. तीन आठवड्यांसकट.

वकीलबाईंनी चष्मा काढला. "ते तीन आठवडे तुम्हालाही अडकवू शकतात. सरकारी वकील सोडणार नाही."

देवस्थळींना कळलं तेव्हा ते धावतच आले. "ताई, जरा व्यापक विचार करा. आक्का आत आहेत म्हणून देश जागा आहे. लोकांना वाटतं, हे एका स्त्रीनं विचारपूर्वक उचललेलं पाऊल आहे. आता त्यांना सांगायचं, मुळात एक बाई हात धुवायला विसरली?"

"झालंय तसंच."

"प्रतीकं जपावी लागतात, ताई."

"तुमच्या प्रतीकाचे गुडघे दुखतात," स्वप्नाली म्हणाली. "फरशीवर झोपतंय ते."

साक्षीआधी एकदा ती तुरुंगात भेटायला गेली. जाडजूड काच, दोन्हीकडं एकेक रिसीव्हर. आक्का वाळली होती. दोघींनी रिसीव्हर कानाला लावले.

"म्हस किती देती?" आक्कानं विचारलं.

"साडेपाच लिटर."

"माझ्याकडं सहा द्यायची."

"तुमाला भ्यायची ती."

आक्काच्या ओठांचा कोपरा हलला.

"आक्का, तुमाला माझं ठाऊक हुतं?"

"व्हय."

"कधीपासनं?"

"दुसऱ्या दिवसापासनं. कटिंगच्या दारावरनं तू घरला गेलीस आणि वास मागं ऱ्हायला. तेल मी करणार आणि मलाच कळायचं न्हाई?"

"मग तवाच का बोलला न्हाईसा?"

आक्कानं रिसीव्हर दुसऱ्या कानाला लावला. "त्या दिवशी मी बी तीनला सुटले. घरी आले तर तुझ्या खिडकीचा पडदा ओढलेला. तू लग्न होऊन आलीस तवापासनं दुपारचा तो पडदा ओढलेला मी कधी बघितला न्हवता. म्हटलं, झोपू दे."

 "आणि पोलिसांना 'मी दिलं' कशाला सांगितलं?"

"तुझं नाव घेतलं असतं तर त्यांनी तुला उठवलं असतं."

स्वप्नाली रडायला लागली. रडता रडता तिला राग आला. "मी साक्ष देणार हाय."

"काही गरज न्हाई. तुला आत घालतील. तुझा नवरा हाय, घर हाय."

"मी इचारायला आले न्हाई, सांगायला आले! चार वर्षं बोललो न्हाई म्हणून माझ्या वाटचं तुमीच बोलून टाकायचं व्हय?"

 आक्काला गप्प करणारं माणूस त्या तुरुंगात पहिल्यांदाच आलं असेल. पहारेकरणीनं वेळ संपल्याची खूण केली. रिसीव्हर ठेवता ठेवता आक्का घाईनं म्हणाली, "ते पातं आधीच तुटलं हुतं. मला ठाऊक हुतं."

साक्षीच्या दिवशी स्वप्नालीनं पिंजऱ्यात उभं राहून जे घडलं ते घडलं तसं सांगितलं. सरकारी वकील उठले.

"चौथ्या दिवशी तुमच्या लक्षात आलं. मग तीन आठवडे तुम्ही कुणालाच का सांगितलं नाही?"

"झोप येत होती," स्वप्नाली म्हणाली.

"तीन आठवडे?"

"सोळा वर्षांची साठली होती, साहेब."

मागच्या बाकांवरचं हसू न्यायाधीशबाईंपर्यंत पोचलं. त्यांनी ते कागदामागं लपवलं. मग मुजावर वकीलबाईंनी परवानगी मागितली. न्यायालयाच्या व्हरांड्यात कटिंगचं यंत्र आणून ठेवलं होतं, बाजूला उकडलेल्या काजूबियांचं पोतं. स्वप्नालीच्या डाव्या हाताला तेल चोळलं, उजवा कोरडा ठेवला. दोन्हीवर एकेक टिकली, दोन्ही सरकारनंच मंजूर केलेल्या. पाच तास तिनं काजू फोडले. व्हरांड्यात खटखट आवाज होत राहिला. न्यायाधीशबाई खुर्ची टाकून बाहेरच बसल्या होत्या. कोरड्या हातानं काळं तेल झेललं होतं. बोटं लाल झाली होती. पण तिनं दोन्ही हात समोर धरले.

उजवी टिकली दाखवत होती बहात्तर. डावी लाल झाली होती, चौतीस.

"बाई एकच," मुजावर म्हणाल्या. "काम एकच. कायद्यानं हिनं आता उठायचं का बसायचं?"

न्यायाधीशबाईंनी दोन्ही आकडे पुन्हा पुन्हा बघितले. मग स्वप्नालीला विचारलं, "नक्की किती थकलात तुम्ही?"

"मॅडम, असं मला इचारा की," स्वप्नाली म्हणाली. "या दोघींना कशाला इचारताय?"

निकाल नवव्या दिवशी लागला. एकाच बाईचे दोन दम दाखवणारं यंत्र कायद्याचं माप होऊ शकत नाही; जे माप नाही त्याची फसवणूकही होत नाही. शालन गुरव निर्दोष. तेरा हजार माणसांवरचे खटले रद्द. टिकलीला स्थगिती, आणि नवा कायदा होईपर्यंत पाळी आठ तासांची. स्वप्नालीच्या तीन आठवड्यांबद्दल निकालपत्रात एक ओळ होती: साक्षीदाराची विश्रांती हा या न्यायालयापुढचा प्रश्न नाही.

संदेशनं ती ओळ दोनदा वाचली आणि बायकोला तिथंच, सगळ्यांदेखत, घट्ट धरलं.

दुसऱ्या दिवशी तुरुंगाबाहेर चाळीस हजार माणसं उभी होती. सकाळपासून. ट्रॉलीवर मंच, मंचावर हार, आणि देवस्थळींच्या हातात चार पानांचं भाषण. तुरुंगाच्या मोठ्या फाटकातला छोटा दरवाजा उघडला. आक्का हातात पिशवी घेऊन बाहेर आली, गर्दीचा आवाज अंगावर आला, आणि ती एक पाऊल परत आत गेली.

"एवढी माणसं कशाला आल्यात?" तिनं दाराशी न्यायला आलेल्या स्वप्नालीचा दंड धरला. 

"तुमाला ऐकायला."

"मला न्हाई जमायचं. फोनवर ही दिसत न्हवती गं. तिथं मला वाटायचं, फाटकावर दहा-बारा जणी असतील, आणि मागं तू."

"मग आताबी तसंच समजा. माझ्याकडं बघून बोला. बाकी कुणी न्हाईच."

"तुला काय बोलू?"

"काय वाटंल ते."

आक्का ट्रॉलीवर चढली. देवस्थळींनी पुढं केलेली चार पानं तिनं अदबीनं पिशवीत ठेवून दिली. माईक कुरकुरला. चाळीस हजार माणसं चिडीचूप. तिची नजर पहिल्या रांगेवरून फिरली, दुसऱ्या रांगेवरून फिरली. स्वप्नाली एका आडव्या पोलिसाच्या मागं अडकली होती.

"अहो हवालदार, जरा सरका," आक्का माईकवर म्हणाली.

हवालदार सरकले. आक्कानं जावेला पायापासून डोक्यापर्यंत नीट न्याहाळलं. मग देशाच्या इतिहासात गेलेल्या आपल्या पहिल्या जाहीर भाषणात तिनं विचारलं,

"जेवलीस का?"

स्वप्नालीनं नाही म्हणून मान हलवली. पण लोक सकाळपासून उन्हात उभे होते आणि प्रश्न सगळ्या भोंग्यांतून आला होता. चाळीस हजार गळ्यांतून एकच उत्तर आलं. "न्हाईऽऽ!"

आक्का चिडली. समोर चाळीस हजार माणसं आहेत हे ती विसरली. "न्हाई काय न्हाई? उपाशीपोटी उन्हात उभं ऱ्हायला कुणी सांगितलं? बसा खाली सगळ्यांनी. डबे असतील ते काढा, नसतील त्यांना द्या. पोलिसांनाबी द्या. काय बोलायचं ते मग बोलू. मी काय आता कुठं जात न्हाई."

आणि ती खाली उतरली.

देवस्थळी हातात हार घेऊन तसेच उभे राहिले. मग कुणीतरी त्यांना अर्धी भाकरी दिली. तुरुंगाच्या लांबलचक भिंतीच्या सावलीत माणसं बसत गेली, डब्यांची झाकणं वाजत गेली. राजश्रीनं हवालदाराला ठेचा वाढला. आणि भिंतीला पाठ टेकून, पाय लांब करून, दोघी जावा एका डब्यात जेवल्या.